पदाचं वजन

आमच्या घरात आतून कडी लावून बसता येईल अशी एकच खोली आहे, आणि तिथे जरा जास्त वेळ बसलं की बाहेरून कुणीतरी दार ठोठावतं. ऑफिसात तेवढीही सोय नाही. माझं टेबल सुट्या भागांचं गोदाम आणि हात धुवायचं बेसिन यांच्या मधल्या बोळात आहे. हात धुऊन परतणारा प्रत्येक जण माझ्या टेबलाशी आला की हात झटकतो आणि वर "काय, चाललंय का काम?" असंही विचारतो. म्हणून मालकांच्या तोंडून 'केबिन' हा शब्द बाहेर पडला तेव्हा माझ्या अंगावर जो काटा आला, तो आमच्या कारखान्यात बनणाऱ्या कुठल्याही काट्यापेक्षा मोठा होता.

आमचा कारखाना वजनकाट्यांचा आहे. भाजीवाल्याच्या तराजूपासून आख्खा ट्रक उभा राहील अशा काट्यापर्यंत सगळं आम्ही बनवतो. मी तिथे मनुष्यबळ विभागात आहे, म्हणजे तो विभाग मीच आहे. विभागात मनुष्य एक. बळाविषयी न बोललेलं बरं.

झालं असं, की मालकांना कुठल्याशा प्रशिक्षण शिबिराचं फुकट आमंत्रण आलं. त्यांना जायचा कंटाळा आला आणि त्यांनी मला धाडलं. मी गेलो तो चहा-बिस्किटांच्या आशेने, आणि परत आलो तो पेटून! तिथल्या बाईंनी आम्हाला पदाचं मोल कसं ठरवायचं ते शिकवलं. आधी त्या पदावर नेमकं काय काम होतं ते बघायचं, विचारायचं, लिहून काढायचं. हे झालं कार्यविश्लेषण. मग कौशल्य किती लागतं, श्रम किती, जबाबदारी किती, बसायची जागा कशी, आणि चूक झाली तर नुकसान किती, अशा निकषांवर त्या पदाला गुण द्यायचे. हे झालं पदमूल्यमापन. ज्या पदाचे गुण जास्त ते पद मोठं, आणि पगारही त्याच हिशेबात. बाईंनी फळ्यावर एक वाक्य लिहून खाली जोरात रेघ मारली होती: 'पद मोजा, माणूस मोजू नका.' मला ते वाक्य इतकं भावलं की परतताना बसमध्ये शेजारच्या अनोळखी गृहस्थांनाही मी ते समजावून सांगितलं. ते पुढच्याच थांब्यावर उतरले. बहुधा त्यांचं घर तिथेच असावं.

मालकांना मात्र कल्पना एकदम पटली. त्यांच्याकडे रोज कुणी ना कुणी गाऱ्हाणं घेऊन जायचं. हिशेबनीस म्हणायचा, त्या तपासणीवाल्या मिस्त्रीपेक्षा माझा पगार कमी का? मिस्त्री म्हणायचा, पंख्याखाली बसून बेरजा करणाऱ्याला एवढा पगार कशाला?

"आपण सगळ्या जगाला तोलतो," मालक टेबलावर थाप मारून म्हणाले, "आणि आपल्याच घरात कोण जड, कोण हलकं याचा पत्ता नाही! एकदाचं तोलून टाका सगळ्यांना. नीट पार पाडलंत तर तुमचं पद उपव्यवस्थापकाचं करू. तिथेच गोदामाच्या कडेला एक केबिन घालून देऊ."

"दाराची?" मी विचारलं.

"अहो, केबिनला दार असतंच."

घरी आल्यावर बायकोला मी ही गोष्ट अगदी खालच्या आवाजात सांगितली आणि पोटात ठेव म्हणालो. तिने ती माझा चहा संपेपर्यंत ठेवली. कप विसळायला ठेवतो न ठेवतो तोच खालच्या मजल्यावरचे काका अभिनंदनाला हजर. दुसऱ्या दिवशी सासूबाईंचा फोन आला, "जावईबापू, दाराला पडदा लावणार की काच?" आणि त्या आठवड्यात बायकोने पितळी पाटी करायला टाकली. वर माझं नाव, खाली 'उपव्यवस्थापक'. बाजारात तुरी म्हणतात ते हेच, असं मी म्हणालो, पण खरं सांगायचं तर अक्षरं मोठी घ्यायला मीच सांगितलं होतं.

काका जन्मभर एका मोठ्या कचेरीत आवक-जावक टेबलावर होते. कागद आत येताना आणि बाहेर जाताना त्यांनी इतके पाहिले आहेत की मधे त्या कागदाचं काय होतं याविषयी त्यांची मतं फार ठाम आहेत.

"हे बघा," ते म्हणाले, "मूल्यमापन वगैरे शब्द अजिबात वापरू नका. लोकांना वाटतं, आता काढून टाकणार. आमच्याकडे एकदा 'पुनर्रचना' असा शब्द आला होता. दुसऱ्या दिवशी निम्मी कचेरी आजारी! साधा, रोजच्या वापरातला शब्द घ्या. लोकांना आपला वाटेल असा."

मला ते शंभर टक्के पटलं. इथेच माझं चुकलं, पण ते पुढे येईलच.

सोमवारपासून मी स्टूल आणि वही घेऊन कारखाना पालथा घालायला सुरुवात केली. काय उत्साह होता माझ्यात! इतकी वर्षं मी लोकांच्या रजा मोजत होतो, आता त्यांची कामं बघणार होतो. पहिला गेलो तपासणी विभागात. तिथला मिस्त्री म्हणजे भक्कम देहाचा माणूस. नवीन काट्यावर उभं राहून तो स्वतःच्या वजनाने काटा तपासतो, कारण त्याच्या मते त्याच्या वजनात वर्षानुवर्षं फरक पडलेला नाही.

"काय साहेब, नजर ठेवायला पाठवलंय का?"

"तुमच्यावर नाही हो. तुमच्या पदावर. आपण पद मोजतो, माणूस मोजत नाही."

"असं होय," मिस्त्री म्हणाला. "मग पद या खुर्चीवर ठेवून जातो. तुम्ही बघत बसा, मी चहा पिऊन येतो."

आणि तो खरंच गेला. मी बराच वेळ रिकाम्या खुर्चीसमोर बसून होतो, आणि येणारे-जाणारे माझ्याकडे सहानुभूतीने बघत होते.

हिशेबनीस हा काडीसारखा माणूस. स्वतःचं काम लिहून द्यायला त्याला मी एक पान दिलं होतं, त्याने पुरवण्या जोडल्या. 'मुख्य जबाबदारी' या रकान्यात त्याने लिहिलं होतं, 'कंपनी बुडू न देणे.' टेलिफोनवरच्या बाईंनी मात्र काही लिहून दिलं नाही, तोंडीच सांगितलं. "माझं काम काय विचारता? मालक समोर बसलेले असताना 'मालक जागेवर नाहीत' असं गोड आवाजात सांगायचं. दिवसभर. आता यात कौशल्य किती नि श्रम किती, ते तुम्हीच ठरवा." मी त्यांच्या कौशल्यापुढे मनातल्या मनात भरघोस आकडा लिहिला.

विश्लेषण संपलं. आता गुण द्यायचे आणि त्यासाठी सगळ्यांनी येत्या सोमवारी हजर राहायचं, अशी नोटीस लावायची होती. मूल्यमापन हा शब्द काकांनी बाद केलेला. साधा, रोजच्या वापरातला, लोकांना आपला वाटेल असा शब्द कोणता? शिबिरातल्या बाई स्वतःच म्हणाल्या होत्या, प्रत्येक पदाला आपलं एक वजन असतं. वा! वजनकाट्याच्या कारखान्यात याहून आपला शब्द कोणता? मी एका बैठकीत नोटीस लिहिली:

'सर्व कर्मचाऱ्यांना कळविण्यात येते की, येत्या सोमवारी सर्वांचे पदानुसार वजन ठरविण्यात येणार असून, यापुढील वेतन त्या वजनाप्रमाणे निश्चित होईल. कोणीही गैरहजर राहू नये.'

खाली माझी सही, सहीखाली रेघ, रेघेखाली दोन टिंबं. मी ती फाटकाजवळच्या फळ्यावर लावली आणि लांब जाऊन, जवळ येऊन, बाजूने अशी वाचली. माझं मन भरून आलं.

सोमवारी सकाळी कारखान्याच्या फाटकात शिरलो तर समोर ही रांग! ट्रकच्या नव्या काट्यावर चढायला अख्खा कारखाना उभा. मिस्त्री हातात खडू घेऊन बाजूला उभा होता आणि 'पुढे चला, हलू नका, श्वास धरा' असं ओरडत होता. त्याला इतकं आनंदात मी कधीच पाहिलं नव्हतं. साहजिकच होतं. वजनाप्रमाणे पगार म्हटल्यावर कारखान्यात त्याच्या जवळपास फिरकणारं कुणी नव्हतं.

पुढे कळलं की शनिवार-रविवारात दोन तट पडले होते. एक म्हणे, जड माणसाला जास्त पगार. त्यांनी दोन दिवस खाण्यापलीकडे काही केलं नव्हतं. दुसरा तट म्हणे, छे, मालक मागेच म्हणाले होते की कंपनीवरचा भार कमी करायचाय. म्हणजे जड ते जाणार! ते दोन दिवस उपाशी होते. रंगकाम विभाग सबंध याच तटातला. ते बिचारे भिंतीला टेकून उभे होते आणि पहिल्या तटाचे ढेकर ऐकत होते.

"अहो, थांबा!" मी धावत गेलो. "हे ते वजन नव्हे!"

"मग कोणतं?" मिस्त्रीने विचारलं.

"पदाचं वजन! तुमचं नाही!"

"पद काय घरी ठेवून आलोय? अंगावरच आहे की. चढा हो पुढचे!"

पुढचा हिशेबनीस होता. तो चालताना खुळखुळत होता. काट्यावर पाय ठेवायला त्याने गुडघा उचलला आणि त्याची पँट दोन्ही हातांनी धरूनही खाली निघाली. खिशांत कारखान्यातलीच लोखंडी मापं भरली होती त्याने! टेलिफोनवरच्या बाई तेवढ्या लांब उभ्या राहून गरजल्या, "बायकांना वजन विचारायचा अधिकार तुम्हाला कुणी दिला? मी लेखी तक्रार करणार आहे. कुणाकडे करायची?" मनुष्यबळ विभागाकडे, असं मी म्हणालो. म्हणजे माझ्याचकडे.

आणि नेमके त्याच वेळी वजनमापं खात्याचे निरीक्षक फाटकातून आत आले. नव्या काट्यांना शिक्का मारायला ते अधूनमधून येतात. शांत, सभ्य माणूस. त्यांनी रांग पाहिली, काटा पाहिला, हिशेबनिसाची पँट पाहिली.

"हा काटा अजून पडताळलेला नाही ना?"

"नाही. त्यासाठीच तर तुम्हाला बोलावलंय," मालक म्हणाले. तेही गोंधळ ऐकून बाहेर आले होते.

"मग बिनशिक्क्याच्या काट्यावर वजन करून तुम्ही पगार ठरवताय?"

"छे छे, पगार कुठला?"

निरीक्षकांनी फळ्याकडे बोट केलं. "'वेतन त्या वजनाप्रमाणे निश्चित होईल.' सही कुणाची आहे ही? दोन टिंबंवाली?"

त्या क्षणी जमीन दुभंगून मला पोटात घेईल तर बरं, असं वाटलं. पण खाली ट्रकचा काटा होता, तो कसला दुभंगतोय!

मी त्यांना सगळं समजावलं. कौशल्य, श्रम, जबाबदारी, शिबिरातल्या बाईंची फळ्यावरची रेघ, सगळं. त्यांनी शेवटपर्यंत ऐकून घेतलं आणि म्हणाले, "तुमचं बरोबर असेल. पण आमच्या खात्यात वजन म्हणजे वजन. त्याचा दुसरा काही अर्थ होतो याला लेखी आधार दाखवा. तोवर मला तपासणी विभाग आणि हा काटा बंद ठेवावा लागेल." आणि त्यांनी काट्यावर आडवी पट्टी लावली. काट्यावरूनच बाहेर जायचा रस्ता, त्यामुळे माल भरलेले ट्रक आत अडकले, रिकामे बाहेर. तपासणी बंद म्हणून जोडणी बंद, जोडणी बंद म्हणून रंगकाम बंद. रंगकामवाल्यांनी लगेच जेवणाचे डबे उघडले.

शब्दाला लेखी आधार म्हणजे शब्दकोश. काट्याच्या कारखान्यात जगातली सगळी मापं सापडतील, पण शब्दकोश कुठून सापडणार? टेलिफोनवरच्या बाई माझ्यावर चिडलेल्या होत्या, तरी त्यांनी गावभर फोन फिरवले. शेवटी माझ्या घरी लागला, बायकोने काकांना हाक मारली, आणि काका रिक्षात मांडीवर जाडजूड शब्दकोश घेऊन आले. त्यांच्या चेहऱ्यावर इतकं तेज होतं की निवृत्तीनंतर पहिल्यांदाच कुठलातरी कागद त्यांच्या हातून आत जात असावा.

"हे घ्या. वजन. एक, भार. दोन, प्रतिष्ठा, महत्त्व, छाप," काकांनी मोठ्याने वाचलं.

निरीक्षकांनी पहिलं पान उलटलं. "हा शब्दकोश खात्याने मान्य केलेला आहे का?"

"माझी उभी हयात आवक-जावकला गेली," काका म्हणाले, "असला प्रश्न मला कुणी विचारला नव्हता. फार चांगला प्रश्न आहे." आणि ते दोघं खुर्च्या ओढून तासभर नियमांवर बोलत बसले. त्यांची अशी गट्टी जमली की शेवटी निरीक्षकांनी अर्थ क्रमांक दोन मान्य केला, माझ्याकडून खुलासा लिहून घेतला आणि पट्टी काढली. तोवर अर्धा दिवस कारखाना बंद होता.

मालक माझ्याकडे न बघता सरळ आत निघून गेले. याचाच मी जास्त धसका घेतला. केबिन गेली, दार गेलं, पडदा-काच सगळं गेलं, हे मला कळून चुकलं. पण हाती घेतलेलं काम तरी पुरं करावं, म्हणून दुसऱ्या दिवशी गुण द्यायची बैठक घेतली. मालक, मिस्त्री, हिशेबनीस, टेलिफोनवरच्या बाई आणि मी. एकेक पद पुढे घेतलं, भांडलो, गुण दिले. सगळ्यात शेवटी माझं पद निघालं.

"साहेबांचं पद?" मिस्त्री हसायलाच लागला. "कौशल्य, नोटिसा लिहिणे. श्रम काही नाहीत. जागा जरा ओली, त्याचे दोन गुण द्या. हे पद पासंगालाही पुरायचं नाही हो."

तराजूचा तोल सारखा करायला जो चिमुकला तुकडा दांडीला लावतात तो पासंग. आमच्याकडे पासंगांची पिंपं भरलेली असतात, तेव्हा ते वाक्य मला इतरांपेक्षा जास्त लागलं. मी मान खाली घालून शेवटचा निकष वाचला, "चूक झाल्यास होणारं नुकसान."

मग टेलिफोनवरच्या बाई सावकाश म्हणाल्या, "माझी चूक झाली तर फार तर एक फोन भलत्याला लागतो."

"माझी झाली तर एक काटा परत येतो," मिस्त्री म्हणाला.

"माझी मी संध्याकाळपर्यंत शोधून काढतोच," हिशेबनीस म्हणाला, आणि सवयीने पँट वर ओढली. "पण यांच्या एका शब्दाने अख्खा कारखाना बंद पडला!"

मालक खुर्चीत पुढे सरकले. "म्हणजे या निकषात पूर्ण गुण द्यायला हवेत."

दिले. मग बाई म्हणाल्या, नुकसान एवढं तर जबाबदारीही तेवढीच. तेही वाढवले. मग मिस्त्रीच म्हणाला, अशी चूक होऊ नये म्हणून डोकं किती लागत असेल, कौशल्य वाढवा! मी बेरीज केली. हिशेबनिसाने पुन्हा केली. मालकांची खुर्ची सोडली तर कारखान्यातलं सगळ्यात जड पद माझं निघालं!

"हे उपव्यवस्थापकाचं पद आहे, यात वादच नाही," मालक म्हणाले. मी उठून उभा राहिलो. डोळ्यांत पाणी आलं, खोटं कशाला बोलू? मग मालकांनी विचारलं, "एवढ्या जड पदाला शिक्षण काय लागेल? दोन पदव्या, व्यवस्थापनाची एक तरी. तुमच्याकडे काय आहे?"

"एक पदवी आहे," मी म्हणालो. "भाषेची."

खोलीत कुणीतरी खोकल्यासारखं हसलं.

"मग नाकापेक्षा मोती जड होतोय हो," मालक हळहळून म्हणाले. "पद वर गेलं, पण तुम्ही... आपण पद मोजलं ना? माणूस थोडाच मोजला? तुम्हीच सांगता नेहमी. आता जाहिरात द्यावी लागणार."

घरी आलो तर पितळी पाटी आलेली. बायकोने ती पदराने पुसून माझ्यापुढे धरली आणि माझा चेहरा बघून खाली ठेवली. मी सगळं सांगितलं. माझंच पद, मीच मोजलं, मीच मोठं केलं, आणि आता त्यात बसणार दुसरा कुणी! आणि मी बाहेर बोळात बसून त्याच्या रजा मोजायच्या! इतका अपमान मला त्या रांगेपुढेही वाटला नव्हता.

तिने सगळं ऐकलं. मग विचारलं, "जाहिरात कोण लिहिणार?"

"मीच. भरती माझ्याच कामात येते."

"पात्रता कोण ठरवणार?"

"पात्रता म्हणजे... तीही मीच लिहितो. मालक सही करतात."

"मग रडताय कशाला?" ती म्हणाली आणि माझ्या हातात पेन दिलं.

दुसऱ्या दिवशी मालकांच्या टेबलावर मसुदा गेला. शिक्षण: कोणत्याही शाखेची पदवी, भाषेची असल्यास प्राधान्य. आणि खाली, अनुभव: 'उमेदवाराने वजनकाट्याच्या कारखान्यात पदांचे मूल्यमापन केलेले असावे. ते करताना किमान एकदा स्वतःच्या सहीच्या नोटिशीने संपूर्ण कारखाना बंद पाडून त्याच दिवशी पुन्हा सुरू करून दाखवलेला असावा. "वजन" या शब्दाचे दोन्ही अर्थ लेखी आधारासह सिद्ध करता यावेत.'

मालकांनी चष्मा लावून वाचलं. चष्मा काढून वाचलं. मग मिस्त्रीला बोलावून त्यालाही वाचायला दिलं.

"असा दुसरा माणूस बाहेर मिळेल?"

"मिळाला," मिस्त्री म्हणाला, "तर त्याला बाहेरच राहू द्या."

मालकांनी सही केली. अर्ज एकच आला. मुलाखत मालकांनीच घेतली आणि एकच प्रश्न विचारला, पुढची नोटीस कुणाला दाखवून लावाल? मी म्हणालो, टेलिफोनवरच्या बाईंना. हे उत्तर त्यांना आवडलं.

सुतार आला. गोदामाच्या कडेला वेगळी जागा नव्हती, म्हणून त्याने माझ्या बोळालाच दोन्ही बाजूंनी फळ्या ठोकल्या आणि एका अंगाला छान दार बसवलं. बायको आणि काका स्वतः येऊन पाटी लावून गेले. त्यांना फाटकापर्यंत पोचवून मी परत आलो, आत शिरलो, दार लोटलं आणि आतून कडी लावली. खट! काय आवाज होता तो! मी खुर्चीत बसलो, पाय लांब केले, डोळे मिटले.

तेवढ्यात बाहेरून कुणीतरी दार ठोठावलं.

"कडी काढा हो, साहेब," हिशेबनिसाचा आवाज आला. त्याच्या मागे आणखी माणसं असावीत, कारण कुजबुज ऐकू येत होती. "बेसिन आत राहिलंय. हात धुवायचेत."